‘फिलर’ला तुम्ही काय म्हणता? (नऊ ओळी अडल्यात)

पानसुपारी :
नमस्कार मंडळी. मी साताऱ्यात घरी बसून भाषांतराची कामं करते. सध्या कामगार प्रशिक्षणाच्या पुस्तिकांचं काम हाती आहे. निरनिराळ्या धंद्यांतले उस्ताद बोलतात, त्याचं रेकॉर्डिंग होतं, कुणीतरी ते ऐकून कागदावर उतरवतं आणि त्याचा तक्ता माझ्याकडे येतो. त्यातले इंग्रजी शब्द मी मराठी करायचे. ऐकायला सोपं वाटतं.

तक्त्यात ‘फिलर’ नऊ वेळा आलाय. मी प्रत्येक ठिकाणी संदर्भ बघून वेगळं काहीतरी लिहिलं होतं. तपासणाऱ्या साहेबांनी नऊच्या नऊ ओळींत एकच शब्द ठोकून दिला : ‘भरक’. एका शब्दाला एकच प्रतिशब्द, असा म्हणे नियम आहे. रात्री जेवताना आमच्या ह्यांना विचारलं, ‘भरक’ म्हणजे काय असेल हो? तर म्हणाले, "भरकटलेल्या माणसाला लाडाने म्हणत असतील."

ओळी अशा आहेत. टिग करताना फिलर डाव्या हातात धरावा. डांबराच्या मिक्समध्ये फिलर कमी पडू देऊ नये. फरशी बसल्यावर सांध्यात फिलर भरावा. दाराला रंग देण्याआधी फिलर मारून घासावं. गोळीत औषध थोडं, बाकी फिलर. पानावर जागा उरली तर फिलर टाकावा. फिलर गेजने टॅपेट बघावा. फिलरला सात दिवस पाणी मारावं (ही ओळ मला अजिबात कळलेली नाही). आणि नववी ओळ तर ज्याने रेकॉर्डिंग उतरवलं त्याच्यासाठीची सूचना आहे : ‘फिलर गाळावेत.’

दाराचं मला माहीत आहे. आमच्याकडे रंगारी आले होते तेव्हा ते ‘लांबी’ म्हणत होते. लांबी भरली, लांबी सुकली, लांबी घासली. तेव्हा मी लांबी-रुंदीतली लांबी समजून मापं शोधत बसले होते, ते असो. बाकीच्या ओळींसाठी त्या त्या कामात हात घातलेल्या माणसांकडून ऐकायचंय. शब्दकोश माझ्याकडेही आहेत, कृपया तिथलं उतरवून देऊ नका.

टिगवाला_भोसरी :
ताई, भरक वाचून पोरं हसतील आणि पुस्तिका मशीन पुसायला घेतील. आमच्या टिग वेल्डिंगमध्ये तिला तार म्हणतात. "दोन चारची तार दे" म्हटलं की हेल्पर २.४ मिलिमीटरची फिलर देतो. कुणी वायर म्हणतं, कुणी रॉड.

पण एक लक्षात घ्या. साध्या आर्क वेल्डिंगला आम्ही फिलर हा शब्द वापरतच नाही. तिथे रॉड स्वतःच जळतो आणि स्वतःच सांध्यात भरतो. दोन्ही कामं एकाचीच, मग वेगळं नाव कशाला? टिगमध्ये टंगस्टनची सुई फक्त जाळ देते, ती वितळत नाही. म्हणून धातू वेगळा द्यावा लागतो. उजव्या हातात टॉर्च, डाव्या हातात तार, आणि वितळलेल्या रसात ती टुचटुच बुडवत पुढे जायचं. पातळ पत्रा कडेला कड लावून नुसता वितळवूनही जुळतो, त्याला आम्ही ‘बिनतारेचा’ म्हणतो.

आणि ही काही जागा भरायची खिरापत नाही. ३०४ च्या एसएसला, म्हणजे स्टेनलेस स्टीलला, ३०४ जोडायचं तर ईआर ३०८ एल नंबरची तार. तेच एसएस साध्या लोखंडाला जोडायचं असेल तर ईआर ३०९ एल, कारण लोखंड रसात मिसळून त्यातलं क्रोमियम-निकेल पातळ करतं. तिथे ३०८ मारली तर सांधा दिसायला चांदीसारखा, पण कडक होऊन तडकतो. मी तडकवलाय. टाकी परत आली, दोन दिवस ग्राइंडर फिरवला, पगार मात्र एकाच दिवसाचा. त्यामुळे ‘भरक’ असो नाहीतर ‘पूरक’, नंबर सोडून फक्त शब्द दिलात तर काही उपयोग नाही. तार लिहा, पुढे नंबर लिहा.

गॅरेजचा_बाळू :
गेजवाली ओळ वाचून चहा नाकातून आला. वहिनी, तो भरायचा फिलर नाहीच. तो फीलर. ‘फील’ करणारा, चाचपणारा. चाकूच्या पात्यांसारख्या पातळ पोलादी पत्त्यांचा जुडगा असतो, प्रत्येक पत्तीवर जाडी कोरलेली, ०.०५ पासून १ मिलिमीटरपर्यंत. इंजिन थंड असताना टॅपेटच्या, म्हणजे व्हॉल्व्ह दाबणाऱ्या भागाच्या, फटीत पत्ती घालायची. सुळकन गेली तर फट जास्त, जातच नाही तर कमी, आणि अंगाला किंचित धरून सरकली तर बरोबर. ते धरणं हाताला कळतं, म्हणून फीलर. आमच्या तोंडी मात्र पहिल्या दिवसापासून फिलरच. उस्तादांनीही तसंच शिकवलं, त्यांच्या उस्तादांनीही. ‘पत्ती’ लिहा, गल्लीतला प्रत्येक मेकॅनिक समजेल.

पानसुपारी :
अरे देवा. मी तिथे ‘भराव-मापी’ लिहिलं होतं. साहेबांनी ते बदलून ‘भरक-मापी’ केलं. आम्ही दोघंही एकाच खड्ड्यात, फक्त ते माझ्या डोक्यावर उभे.

टिगवाले दादा, तार लिहिते. नंबरही मिळवते.

शिशाचे_दिवस :
मी निवृत्त उपसंपादक. पानावरच्या फिलरवर मी बोललो नाही तर कुणी बोलायचं!

आमचं पहिलं दैनिक खिळ्यांवर, म्हणजे शिशाच्या सुट्या अक्षरांवर, निघायचं. जुळारी एकेक अक्षर उचलून ओळ लावत. बातमी रबरासारखी ताणता येत नसे. रात्री साडेबाराला फर्मा आवळायची वेळ, आणि तिसऱ्या कॉलमाच्या तळाशी दीड इंच रिकामं. मग फोरमन दारात उभा राहून ओरडायचा, "साहेब, दीड इंच!" फिलर हा शब्द तो उच्चारतही नसे, नुसतं माप सांगायचा. पहिला उपाय म्हणजे ओळींच्या मध्ये लेडच्या पट्ट्या घालून मजकूर सैल करणं. तेवढ्याने भागलं नाही तर ड्रॉवर उघडायचा. त्यात आधीच जुळवून, सुतळीने बांधून ठेवलेले तुकडे असत. तीन ओळींचे, पाच ओळींचे, आठ ओळींचे. सुविचार, घरगुती उपाय, जगातलं सगळ्यात अमुक, सगळ्यात तमुक.

ते तुकडे लिहायचं काम नवशिक्याला, म्हणजे मला. आणि सांगतो, आयुष्यात इतकी काटेकोर मराठी मी पुन्हा लिहिली नाही. पाच ओळी म्हणजे पाचच. सहाव्या ओळीत एक शब्द लोंबला की जुळारी माझ्याकडे असा बघायचा की मी त्याच्याकडून उसने घेऊन बुडवलेत. अग्रलेखात चार वाक्यं फुकट गेली तरी कुणाच्या लक्षात येत नव्हतं.

आमचा सगळ्यात लाडका तुकडा पाच ओळींचा होता : शहामृगाचा डोळा त्याच्या मेंदूपेक्षा मोठा असतो. मापाला इतका चपखल की फोरमन डोळे झाकून उचलायचा. एका महिन्यात तो तीन वेळा छापून आला. चौथ्या आठवड्यात मिरजेहून एका वाचकाचं पोस्टकार्ड आलं : ‘शहामृगाला आता जरा डोळा लागू द्या.’ संपादकांनी ते माझ्या टेबलाच्या काचेखाली सरकवलं, काही बोलले नाहीत.

पुढे संगणकावर पान लागू लागलं. फोटो अर्धा इंच वाढवला, अक्षर एका पॉइंटाने मोठं केलं, की झालं. ड्रॉवरची गरज संपली. आता पान तळापर्यंत भरलेलं असतं, पण त्यात किती भरताड आहे ते तुम्हीच बघा.

हो, हा शब्द तुमच्या तक्त्याला उपयोगी पडेल. भरताड. आणि त्याचा थोरला भाऊ खोगीरभरती. खोगिरात चिंध्या, काथ्या, जे हाताला लागेल ते कोंबायचे, त्यावरून कुचकामी माणसांच्या किंवा मजकुराच्या गर्दीला खोगीरभरती म्हणू लागले. गंमत अशी की ती भरती काढून टाकली तर घोड्याच्या पाठीला जखमा होतात. शिवी मात्र चिंध्यांना.

तुमच्या सहाव्या ओळीत ‘फिलर’च ठेवा. छापखान्यात त्याला दुसरं नाव मी ऐकलेलं नाही. फार तर ‘जागाभरू मजकूर’.

परीक्षार्थी_२०२६ :
नवव्या ओळीबद्दल. स्पर्धा परीक्षेच्या व्याकरणात केवलप्रयोगी अव्ययांत शेवटी दोन प्रकार येतात. व्यर्थ उद्गारवाची : म्हणे, आपला, बापडा. आणि पादपूरणार्थक, म्हणजे पालुपदं : बरं का, बेटं, जळलं मेलं. बोलताना भरीला येणारे शब्द. तिथे ‘पालुपदं गाळावीत’ म्हणता येईल. आमच्या क्लासचे सर हे शिकवताना दर वाक्याला "कळलं?" म्हणतात, आणि ते उदाहरण आहे हे त्यांना अजून कळलेलं नाही.

संस्कृतवाले_आजोबा :
परीक्षार्थींनी चांगलं सांगितलं. थोडी भर घालतो (भरच घालतो, बघा). ही तक्रार फार जुनी आहे. वेदांतल्या शब्दांची फोड करणाऱ्या यास्काने निरुक्त या आपल्या ग्रंथाच्या पहिल्याच अध्यायात निपातांचे, म्हणजे छोट्या अव्ययांचे, प्रकार सांगताना एक वर्ग असा दिला की ज्यांना स्वतःचा अर्थ नाही, मोजून अक्षरं असलेल्या ऋचेत ते फक्त जागा पुरी करतात. कम्, ईम्, इत्, उ. त्याने त्यांना ‘पदपूरण’ म्हटलं. अमरकोशातही तु, हि, च, स्म, ह, वै हे ‘पादपूरणे’ म्हणून येतात. म्हणजे फिलरला आपल्याकडे शब्द नव्हता असं नाही, तो फक्त कवितेपुरता होता. वेल्डिंगच्या तारेला पादपूरण म्हणा असं मी सुचवत नाहीये.

एक सावधगिरी. ‘म्हणे’ दिसलं की व्यर्थ समजून उडवू नका. ‘तुका म्हणे’ मधलं म्हणे ही कवीची सही आहे. आणि ‘तो म्हणे येणार होता’ मधलं म्हणे तर पुरतं कामाचं आहे. ऐकीव गोष्ट आहे, माझ्या गळ्यात घालू नका, हे ते एका शब्दात सांगतं.

साइटवर_आहे :
डांबरवाली ओळ माझी. फिलर म्हणजे ७५ मायक्रॉनच्या चाळणीतून बहुतेक सगळी खाली उतरेल इतकी बारीक भुकटी. दगडाची, सिमेंटची किंवा विझवलेल्या चुन्याची. रस्त्याच्या सरकारी मानकात त्यातला निदान ८५ टक्के भाग त्या चाळणीतून गेला पाहिजे असं आहे. खडी, कच आणि त्याखाली ही भुकटी. ती डांबराला दाट करते आणि खडीमधल्या बारीक पोकळ्या बुजवते. कमी पडली तर रस्ता पाणी पितो, जास्त झाली तर तडे जातात. साइटवर ‘डस्ट’ म्हणतात, चुना वापरला तर सरळ ‘चुना’. मी ‘भुकटी’ लिहिलं असतं.

फरशीला ‘सांधे भरणे’ बास. जुने गवंडी दगडी भिंतीच्या सांध्याला ‘दर्जा भरणे’ म्हणत, तो शब्द मला फार आवडतो, पण आजच्या टाइलवाल्याला सांगितलात तर तो दर्जा म्हणजे क्वालिटी समजेल.

आणि सात दिवस पाण्याचं कोडं मी सोडवतो. हा फिलर स्लॅब असणार. लॉरी बेकर नावाचे इंग्लंडहून आलेले वास्तुविशारद होते, केरळात राहिले, २००७ साली तिरुवनंतपुरमला वारले. त्यांनी ही पद्धत आपल्याकडे रुजवली. स्लॅबला वरून भार आला की वरचा भाग दाबला जातो आणि खालचा ताणला जातो. काँक्रीट दाब झेलतं, ताण जवळपास नाही. ताण झेलतात त्या सळ्या. मग खालच्या भागातलं काँक्रीट नुसतंच वजन वाढवत बसलेलं असतं. बेकरांनी सळ्यांच्या चौकोनांत तिथे मंगळुरी कौलं घातली. काँक्रीट वाचलं, स्लॅब हलका झाला, आणि दोन कौलं एकावर एक ठेवली तर मधल्या हवेमुळे खोली उन्हाळ्यात कमी तापते. खालून छत बघायला इतकं देखणं की गिलावा करू नये असं वाटतं. कोकणात पाडलेल्या घरांची कौलं ढिगाने पडून असतात, तिथे तर ही पद्धत हटकून करावी. अशा स्लॅबला पाणी मारायचंच, किमान सात दिवस. तेव्हा तिथे ‘कौलभरती स्लॅब’ लिहा.

गॅरेजचा_बाळू :
साहेब, एवढं लांब कशाला गेलात? आमच्या गावचा गवंडी पिलरलाच फिलर म्हणतो. "फिलर उभा केला, फिलरला पाणी मार." सगळं गाव म्हणतं.

साइटवर_आहे :
…
बाळू, मी बेकरांपर्यंत गेलो रे.

बरोबर आहे. स्लॅबवर पाणी साठवतात, त्याला आळी करतात. ‘मारावं’ लागतं ते उभ्या खांबाला. गोणपाट गुंडाळून ते ओलं ठेवायचं. साध्या सिमेंटला सात दिवस, राखमिश्रित सिमेंट असेल तर दहा. ताई, पुस्तिकेत तो दहाचा आकडाही घाला, हल्ली दुकानात बहुतेक तेच सिमेंट मिळतं. कौलभरती स्लॅब खोडा. (पण शब्द चांगला होता.)

तिकीटजमव्या :
प्रश्नात नाही, तरी राहवत नाही. माझ्याकडे दोन फिलर आहेत आणि दोन्ही वरच्या कुणाचेच नाहीत.

शाळेत असताना पाकिटातून परदेशी तिकिटं मिळायची, त्यात ‘मग्यार पोस्टा’ची रेलचेल असे. त्यांतल्या जुन्या तिकिटांवर किमतीखाली छापलेलं असायचं ‘फिलेर’. मी ते फिलरच वाचायचो. ते हंगेरीचं चिल्लर नाणं, फोरिंटचा शंभरावा भाग. भरण्याशी त्याचा काडीचाही संबंध नाही, चार या अर्थाच्या जुन्या जर्मन शब्दापासून ते आलं. फोरिंट इतका घसरला की १९९९ पर्यंत शेवटचं फिलेर नाणंही व्यवहारातून गेलं.

दुसरा फिलर आमच्या छंदातला. अल्बममध्ये एखादा चौकोन रिकामा असतो आणि त्या जागेचं चांगलं तिकीट परवडत नाही. मग दात तुटलेलं, मागून पातळ झालेलं, शिक्क्याने काळं झालेलं असं तिकीट तिथे लावून ठेवायचं, चांगलं मिळेपर्यंत. त्याला स्पेस फिलर म्हणतात. माझा एक फिलर ३१ वर्षं बसून आहे. मध्ये त्याच तिकिटाची चांगली प्रत मिळाली, ती वेगळ्या पाकिटात ठेवली. याला उठवायला जीव होईना.

पानसुपारी :
तिकीटजमवे काका, तुमचा तक्त्यात घ्यायचा असता तर मी ‘आसनरक्षक’ लिहिलं असतं.

गोळीची ओळ कुणीच घेतली नाही, ती मी आमच्या औषधवाल्यांना विचारून आले. आईची थायरॉइडची गोळी २५ मायक्रोग्रॅमची. म्हणजे एका ग्रॅमचे चाळीस हजार भाग केले तर त्यातला एक. तेवढं औषध नुसतं ठेवलं तर चिमटीत सोडा, डोळ्यालाही धड दिसणार नाही. म्हणून लॅक्टोज (दुधातली साखर), सेल्युलोजची भुकटी असलं काहीतरी घालून गोळी धरता येईल एवढी करतात. आई ऐकत होती. म्हणाली, "म्हणजे मी रोज सकाळी उपाशीपोटी साखरच खाते?" तिला दुधातल्या साखरेचं सांगितलं ते चुकलंच माझं. तिथे मी ‘भर’ लिहिलंय. गोळीतली भर. बरं वाटतंय का?

टिगवाला_भोसरी :
बरं आहे. साहेबांना काय सांगणार?

पानसुपारी :
सांगून झालं. तार, भुकटी, सांधे भरणे, लांबी, भर, जागाभरू मजकूर, पत्ती, खांब, पालुपदं. नऊ ओळी, नऊ शब्द, आणि त्यांतल्या दोन ओळींत मुळात फिलर नव्हताच. त्यांनी उत्तर पाठवलंय : ‘पत्ती आणि खांब यांना पुरावा द्या.’

म्हणून आज मूळ रेकॉर्डिंग मागवून ऐकलं. गॅरेजवाले उस्ताद स्पष्ट म्हणतात, "फिलर गेज, ह्या पत्त्या बघा." ते ‘ह्या पत्त्या बघा’ उतरवणाऱ्याने गाळलंय. गवंडीमामांचं तर त्याहून पुढचं. त्यांचं पूर्ण वाक्य असं आहे : "फिलरला, म्हणजे आपल्या त्या खांबाला हो, सात दिवस पाणी मारायचं बरं का." उतरवणाऱ्याने नवव्या ओळीतली सूचना इमानदारीने पाळली. ‘म्हणजे’पासून ‘हो’पर्यंत सगळं फिलर समजून कापलं.